पाय जपायची शपथ

आमच्या घरात सगळ्यात जपलेली चीज म्हणजे यांचे पाय. दागिना असता तर डब्यात घालून उतरंडीत ठेवला असता. पाय कुठं ठेवणार? दुपार कलली की ते घराबाहेर पडायचे आणि दिवेलागणीला परत येईपर्यंत माझा जीव टांगणीला. बाकीच्या बायकांना धास्ती असायची की नवरा झिंगत येईल. मला धास्ती असायची की हे लंगडत येतील. लांबून येताना दिसले की मी आधी तोंड बघायची नाही, चाल बघायची.

याचं कारण फुटबॉल. आता फुटबॉल म्हटलं की नातवंडं टीव्ही लावतात. तेव्हा धारूरच्या डोंगरकडेच्या आमच्या गावात कुस्ती माहीत होती, हुतूतू माहीत होता, शाळेत गेलेल्यांना व्हॉलीबॉल माहीत होता. फुटबॉल म्हणजे काय हे सांगायला यांना दर वेळी मुळापासून सुरुवात करावी लागायची. सासूबाईंनी एकदा सगळं नीट ऐकून घेतलं आणि विचारलं, "हात लावायचाच न्हाई? मग देवानं हात कावून दिले?" मला तर सासूबाईंचीच बाजू बरोबर वाटली होती.

हा नाद यांना अंबाजोगाईला लागला. सासऱ्यांनी यांना शिकायला तिथल्या बोर्डिंगात ठेवलं होतं. तिथले ड्रिलमास्तर निजामाच्या काळात हैदराबादला फौजेत होते. ते पोरांना कवायत कमी आणि फुटबॉल जास्त शिकवायचे, आणि कुणाचा हात चेंडूला लागला की मैदानाच्या या टोकावरून त्या टोकापर्यंत ओरडायचे, "हात नक्को लगाव मियाँ, हात नक्को!" हे सांगताना यांचा आवाज मास्तरांसारखा व्हायचा. त्या मास्तरांनी यांना पळत्या पायानं चेंडू वळवायला शिकवला. जिल्ह्याच्या संघातून हे औरंगाबादला खेळायला गेलते. तिथं एका मोठ्या माणसानं यांच्या पाठीवर थाप मारली होती आणि तो कोण होता हे यांना शेवटपर्यंत कळलं नाही. मग मॅट्रिकला इंग्रजीत गचकले आणि गावी परत आले. जमीन होती, पण ती कुसळाची. एक पीक धड आलं तर पुढची दोन वर्षं त्याच्या आठवणीवर काढायची.

आमचं लग्न ठरलं ते बहात्तरच्या दुष्काळात, खडीच्या ढिगावर. माझे वडील आणि माझे सासरे एकाच रस्त्याच्या कामावर खडी फोडत होते. दुपारी सुकडी खायला शेजारी बसायचे. बोलता बोलता सोयरीक जुळली. वडलांना सांगण्यात आलं की पोरगा मॅट्रिक नापास आहे, पण सुपारीच्या खांडाचंही व्यसन नाही. फुटबॉलचं कुणी बोललं नाही. ते व्यसनात धरत नसावेत.

मला कळलं ते सासरी आल्यावर, तेलाच्या बाटलीवरून. यांच्याकडं एक कातडी चेंडू होता, बोर्डिंगातून जुना म्हणून मिळालेला. गावातल्या चांभारदादानं त्याला इतकी ठिगळं लावली होती की मूळचं कातडं कोणतं ते ओळखू येत नव्हतं. कोरड्या हवेत कातडं तडकायला लागलं की हे त्याला करडईचं तेल चोळत बसायचे. घरात फोडणीला तेल नाही, भाजी नुसत्या तिखटमिठावर उकडायची, आणि आमचे हे चेंडूला मालिश करतायत! मी बाटली पिठाच्या डेऱ्यात लपवली. यांनी ती शोधून काढली. मग मी ती शेजारणीकडं ठेवली. तिनं ती फोडणीला वापरली. त्या दिवशी मी यांच्याशी भांडले नाही, शेजारणीशीही भांडले नाही, चुलीशी बसून एकटीच हसले.

खेळायला मैदान होतं गावाच्या तळ्याचं. तळं कसलं, तळ्याचं कोरडं पात्र. पाणी आटलं की सपाट जागा तेवढीच. एक शाळामास्तर, एक शिंपी, एक एस. टी.चा कंडक्टर, बाकी आमच्यासारखे ऊसतोडीला जाणारे, असा यांचा संघ. पायात कुणाच्याच काही नाही. काळ्या मातीला उन्हाळ्यात भेगा पडतात त्या साध्यासुध्या नसतात. माझा हात कोपरापर्यंत आत जायचा. त्यात पळताना पाय गेला तर हाड राहील का? म्हणून खेळायच्या आधी हे सगळे टोपल्यांनी मुरूम आणून भेगा बुजवायचे. सासरे काठावर उभे राहून बघायचे आणि म्हणायचे, "रानातल्या भेगा तशाच, आन् हितल्या बुजवायलेत." पण बुजवलेल्या भेगा परत उघडायच्या, आणि कोणती उघडली हे पाय गेल्याशिवाय समजत नाही. म्हणून माझा जीव टांगणीला.

आता पायांची एवढी काळजी कावून, हे ज्याला ऊसतोड माहीत नाही त्याला सांगावं लागेल. ऊसतोडीत माणसं मोजत नाहीत, कोयते मोजतात. नवरा-बायको मिळून एक कोयता. नवरा बुडातून ऊस तोडतो, बायको मोळी बांधते आणि डोक्यावरून गाडीपर्यंत वाहते. दोघांतलं एक माणूस पडलं की राहतो तो अर्धा कोयता. अर्ध्या कोयत्याला मुकादम नेतच नाही, आणि नेलाच तर त्याला दुसरं अर्धं कोणतं जोडायचं ते तो आपल्या मनानं ठरवतो.

आमच्या गल्लीतल्या एकीचं असंच झालं. हंगामाच्या मध्यावर तिच्या नवऱ्याच्या पायावर कोयता बसला आणि तो कोपीत, पाचटाच्या झोपडीत, पडून राहिला. मुकादमानं तिला टोळीतल्या एका सड्या माणसाबरोबर जोडलं. ती सरळ बाई होती. खाली मान घालून मोळ्या बांधायची, संध्याकाळी येऊन नवऱ्याचा पाय शेकायची. पण गावी परतल्यावर लोकांनी तिला सरळ राहू दिलं नाही. लोक तर लोक, ज्याच्या औषधपाण्यासाठी ती राबली तो नवराच घालूनपाडून बोलायला लागला. शेवटी ती माहेरी गेली आणि परत आलीच नाही. मी तिच्याबरोबर पाण्याला जायची, तिच्याएवढीच होते. तेव्हापासून यांच्या पायाला साधी ठेच लागली तरी मला ती बाई दिसायची. भ्यायची मी. कुणाला सांगितलं नाही, पण भ्यायची.

बहात्तर सरून काही वर्षं गेली आणि तालुक्यात सहकारी साखर कारखाना उभा राहिला. पुढाऱ्यांनी गावोगाव फिरून शेअर गोळा केले होते. सासऱ्यांनीही जोर करून एक घेतला होता. धुराडं वर चढत गेलं तसं गावाला वाटलं, आता आपलं नशीब फिरलं, आता घाट उतरून परमुलखात जायला नको. आणि नेमका त्याच साली पाऊस रुसला. विहिरी तळाला गेल्या. जो काही ऊस होता तो लोकांनी कापून गुरांच्या पुढ्यात टाकला. दात आहेत तर चणे नाहीत म्हणतात ना, तसं झालं. ऊस होता तेव्हा कारखाना नव्हता आणि कारखाना झाला तेव्हा ऊस नाही. कारखाना डोळ्यांसमोर आणि आम्ही दुसऱ्याच्या कारखान्यासाठी मुकादमाकडून आगाऊ उचल घेऊन बसलेले. दसरा झाला की ट्रक येणार होता.

अशात बातमी आली की कारखान्यावर फुटबॉलचे सामने आहेत. अध्यक्षांनी पश्चिमेकडच्या कारखान्यांचे संघ बघितले होते, तसा आपलाही असावा असं त्यांच्या मनात आलं. नियम सांगायला माणूस आला होता. म्हणाला, संघात सगळे हौशी खेळाडू पाहिजेत, पैसे घेऊन खेळणारा एकही चालणार नाही. आमच्याकडं पैसे घेऊन फुटबॉल खेळणारा माणूस सापडणार तरी कुठं? हे तर पदरचं तेल घालून खेळत होते. पण पुढं तो जे बोलला त्यानं सगळी गल्ली त्याच्याभोवती गोळा झाली. जे दोघं उत्तम खेळतील त्यांना कारखान्यावर कायम नोकरी. कायम! हंगामी नव्हे.

त्या दिवसापासून माझ्या पोटात दोन भ्यावं एकदम राहायला आली. नोकरी मिळाली तर कोपी सुटणार, पहाटेच्या दहिवरातला फड सुटणार, लेकराला शाळा मिळणार. माझा मोठा तेव्हा अंगावर पीत होता, त्याला उसाच्या सरीत निजवून मोळ्या वाहायच्या म्हणजे काय ते माझं मलाच माहीत. आणि नोकरी मिळवायच्या नादात पाय गेला तर? दसऱ्यानंतर ट्रक दारात येणार आणि कोयता अर्धा. उचल घेतल्यावर मुकादम "राहू द्या" म्हणत नाही. मला एकटीला चढवलं असतं ट्रकात. हे तिकडं शिंप्याच्या दुकानापुढं बसून कोण कुठं उभं राहणार ते खडूनं फरशीवर काढायचे, आणि मी इकडं भाकरी थापता थापता ट्रक बघायची.

सामना दसऱ्याच्या आदल्या दिवशी होता. सकाळी हे न्याहारीला बसले आणि मी बोलले.

"माझी शपथ हाय तुमाला. खेळा, पर पाय जपून खेळा. कुनाच्या अंगावर जायचं न्हाई, कुनाच्या पायात पाय घालायचा न्हाई."

"आगं, फुटबॉल हाय त्यो. आरती न्हाई, लांब हुबं ऱ्हाऊन करायला."

"शपथ घातली म्हनले ना."

यांच्या हातातला घास हातात राहिला. शपथ ही आमच्याकडं उगीच तोंडी लावायची गोष्ट नव्हती. जिची शपथ मोडली तिचं बरं होत नाही, हे लहानथोर सगळे मानायचे. यांच्या चुलत्यानं कसलीशी शपथ मोडली आणि पाठोपाठ चुलती गेली, अशी घरात पक्की समजूत होती. ती तापानं गेली असणार, पण ते तेव्हा कुणी म्हटलं नाही. घातलेली शपथ सोडवायची एकच वाट असते. जिनं घातली तिनंच तोंडानं "सुटली" म्हणायचं. हे माझ्याकडं बघत राहिले, मी म्हणेन म्हणून. मी भाकरी उलटली. मग हे उठले, हात धुतले आणि चेंडू न घेताच निघून गेले. चेंडू कारखान्याचा नवा होता म्हणा.

गावातल्या बायका ट्रॉलीत बसून कारखाना बघायला निघाल्या होत्या, त्यांच्यात सासूबाई आणि लेकराला घेऊन मीही चढले. मी काही खेळ बघायला निघाले नव्हते. मला घरात बसवेना म्हणून निघाले. इतकी वर्षं झाली, पण यांना खेळताना मी कधी पाहिलं नव्हतं. तळ्याच्या पात्राकडं बायका जात नसत.

मैदान कारखान्याच्या भिंतीला लागून होतं. मधल्या भागावर मुरूम टाकून रोलर फिरवला होता, पण कडेला तीच आपली काळी माती आणि त्याच भेगा. धुराड्यातून धूर नव्हता. मांडवात खुर्च्यांवर अध्यक्ष, संचालक, टोप्या, पांढरे कपडे. त्यांच्या समोरच्या अंगाला गडीमाणसं. आम्ही बायका एका टोकाला, उन्हात. समोरचा संघ कारखान्यावर यंत्रं बसवायला आलेल्या फिटर लोकांचा होता. पुण्यामुंबईकडची दांडगी माणसं, पायात बूट. त्यांच्यातला एक उंच फिटर यांच्यासमोरच उभा होता. त्याचे ते बूट पाहिले आणि म्हटलं, शपथ घातली ते बरं केलं.

सामना सुरू झाला. मला काय कळणार होतं? पण थोड्याच वेळात कळायला लागलं. चेंडू यांच्याकडं यायचा, हे तो पायावर असा घ्यायचे की चेंडू गुमान थांबायचा, लोक "अरे वा" म्हणायचे. मग तो फिटर धावत यायचा आणि हे पाय काढून घ्यायचे. एकदा झालं, दुसऱ्यांदा झालं, दर वेळी तेच. फिटर आला की हे बाजूला. ताटावर बसलेला माणूस घास तोंडापाशी नेऊन परत खाली ठेवतोय, असं ते दिसत होतं. फिटरांनी एक गोल केला. लोक आधी हसले, मग चिडले.

"भेतोय काय बे!"

"बायकोला इचारून खेळतोय काय बे त्यो?"

सगळे खो खो हसले. ज्यानं ते म्हटलं त्याला काय माहीत की तो खरंच बोलला. माझ्या शेजारच्या बाईनं मला कोपर मारून विचारलं, "तुझाच ना गं मालक?" मी लेकराच्या अंगावर पदर घातला. मी पाहत होते की दर वेळी पाय मागं घेतला की हे आमच्या टोकाकडं बघायचे. रागानं नाही. मी जिवंत आहे ना, धड आहे ना, असं बघायचे. मला वाटलं जमीन फाटावी. भेगा होत्याच, त्या आणखी रुंद व्हायला पाहिजे होत्या.

मधली सुट्टी झाली. खेळाडू मांडवापाशी बसले, आमच्यापासून मैदानभर लांब. मी उठून संचालकांच्या समोरून मैदान ओलांडून नवऱ्याकडं जावं असं तेव्हा शक्य नव्हतं. मेले असते पण गेले नसते. मी सासूबाईंना म्हटलं, "आत्याबाई, तुमी जाता का? त्यांस्नी म्हना, शपथ सुटली."

सासूबाईंनी मला वरपासून खालपर्यंत पाहिलं. "कसली शपथ?"

मी सांगितलं. त्या म्हणाल्या, "माझ्या तोंडानं न्हाई सुटायची ती. तुजी हाय, तूच सोड." बाईचं तोंड तिखट, पण तेव्हा त्यांनी मला शिवी दिली नाही, हे मी विसरलेले नाही.

खेळ पुन्हा सुरू झाला आणि पुन्हा तेच. आता लोक हसतही नव्हते; काहीजण उठून जायला लागले होते. मांडवात कुणीतरी यांच्याकडं बोट दाखवून मान हलवली. डोळ्यांसमोर ट्रक आला, ती माहेरी गेलेली बाई आली, कोपी आली. त्या सगळ्यांत हे पाय काढून घेताना दिसत होते आणि मला ते सहन होईना. माझा नवरा भित्रा नव्हता. भित्री मी होते आणि दिसत ते होते.

मी उठले. लेकरू सासूबाईंच्या मांडीवर टाकलं. "आवो!" म्हणून हाक मारली. त्या गलक्यात "आवो" कुठं पोचणार? आणि पोचलं तरी तिथल्या सगळ्या नवऱ्यांनी मान वळवली असती. पुन्हा मारली. नाही. मग मी दोन्ही हात तोंडाला लावले आणि यांचं नाव घेतलं. लग्नात उखाण्यात घेतलं होतं तेवढंच, त्यानंतर कधी घेतलं नव्हतं. उखाण्यात नाव लाजत घेतात. हे मी रानात सुटलेल्या बैलाला हाळी देतात तसं घेतलं. आणि त्याला जोडून, बेंबीच्या देठापासून, "शपथ सुटली! सुटली म्हनते मी! खेळा!"

सगळं मैदान आमच्या टोकाकडं वळलं. संचालकसुद्धा. शेजारच्या बाईनं तोंडावर हात मारला. सासूबाई लेकराला थोपटत समोर बघत म्हणाल्या, "आता फिटरांना बी कळलं माझ्या ल्योकाचं नाव काय हाय ते." मी मटकन खाली बसले, आणि मान वर करायची हिंमत होईना. म्हणून यांनी माझ्याकडं पाहिलं तेव्हा यांचं तोंड कसं झालं होतं ते मला माहीत नाही. शेजारच्या बाईनं नंतर सांगितलं की हसले.

मग जे झालं ते मी मान वर करून पाहिलं. चेंडू आला, फिटर आला, आणि हे बाजूला झाले नाहीत. फिटरच बाजूला पडला. यांनी चेंडू त्याच्या एका बाजूनं घातला आणि स्वतः दुसऱ्या बाजूनं गेले. पळत्या पायानं वळवणं म्हणजे काय ते मला तेव्हा समजलं. आणखी एक जण आडवा आला, त्याच्या पायांतून चेंडू काढला. मग जो पाय फिरला त्याचा आवाज आमच्या टोकापर्यंत आला. गोल! शिंपी यांच्या पाठीवर चढला. बायकांनासुद्धा कळलं की हे काहीतरी मोठं झालं. मी काय केलं आठवत नाही. सासूबाई म्हणायच्या, मी त्यांच्या मांडीला चिमटा काढला.

त्यानंतर यांचा पाय कशालाच ऐकेना. चेंडू कुठंही असो, हे तिथं. मला भीती वाटत होती का? वाटत होती. आधीपेक्षा जास्त वाटत होती. पण ती भीती आणि ते बघणं एकदमच चाललं होतं. खेळ संपत आला असताना चेंडू कडेला गेला, हे त्याच्यामागं, फिटर यांच्यामागं. कडेला काळी माती. पाय भेगेत गेला, फिटर अंगावर पडला, आणि यांचा आवाज आला. मला तो आवाज ओळखीचा नव्हता.

मी धावायला निघाले, बायकांनी मला धरून ठेवलं. हे पडले ते उठेनात. मग फिटरानंच यांच्या काखेत हात घालून उभं केलं. गुडघा. हाड मोडलं नव्हतं, पण गुडघा आत कुठंतरी फिरला होता. सामना बरोबरीत सुटला. शेवटी कर्ण्यावरून दोन नावं पुकारली गेली. एक त्या उंच फिटराचं. दुसरं तेच, जे मी घेतलं होतं.

मांडवात अध्यक्षांनी यांचा हात हातात घेतला, गुडघ्याकडं पाहिलं आणि म्हणाले, "पाय बरा झाला की कामावर या." माणूस चांगल्या मनानंच बोलला. पाय बरा झाला की. आणि ट्रक?

दसऱ्याला मी सोनं लुटलं नाही, हळद गरम करून गुडघ्यावर थापत बसले. दुसऱ्या दिवशी मुकादम दारात. त्याच्या कानावर गेलंच होतं. म्हणाला, "कोयता पुरा पायजे. पोरा, चालून दाखव बरं." हे उठले, दाव्याची शेळी सोडली आणि तिला ओढत अंगणातून चालायला लागले. शेळी पाय रोवायची, हे ओढायचे, आणि झुकती चाल शेळीच्या ओढीत मिसळून जायची. मुकादमानं डोळे बारीक केले.

"शेळी लंगडतीया का तू बे?"

यांच्या आधी मी बोलले. "मुकादम, ऊस न्हाई तुटला तर मला इचारा. कोयता पुरा हाय."

त्यानं माझ्याकडं पाहिलं, आता गावातले सगळेच माझ्याकडं तसं बघायला लागले होते, आणि म्हणाला, "मैदानात वरडनारी तूच न्हवं? चढा ट्रकात."

फडावर पहिल्याच दिवशी ठरलं. हे बुडातून तोडायला वाकू शकत नव्हते, गुडघा दुमडत नव्हता. म्हणून कोयता मी घेतला. हे दुखरा पाय लांब करून सरीत बसायचे आणि मोळ्या बांधायचे. डोक्यावरून मी वाहायची. टोळीतले गडी हसले; बायका हसल्या नाहीत. चार दिवस हाताला फोड आले, मग घट्टे पडले. मला ऊस तोडता येतो हे मलाच माहीत नव्हतं. टोळीत आमची गाडी मागं राहिली नाही.

मकरसंक्रांतीच्या सुमारास गावाकडून आलेल्या एकानं बातमी आणली. आपल्याकडच्या कारखान्याचा ऊस संपला, गाळप बंद झालं, कायमच्या लोकांनासुद्धा घरी बसायला सांगितलंय. नवीन कुणाला घेणार नाहीत. माणूस सांगून पुढं गेला. मी कोयता थांबवला आणि यांच्याकडं पाहिलं. हे मोळी आवळत होते, आवळून झाल्यावरही तिच्यावर हात ठेवून बसले. मला वाटलं, आता बोलतील. मी हाक मारली नसती तर पाय धड राहिला असता, नोकरी गेलीच पण पायही गेला, असं काहीतरी. बोलले असते तर खरंच होतं ते. यांचा गुडघा पुन्हा कधी पहिल्यासारखा झाला नाही, आणि हे पुन्हा कधी फुटबॉल खेळले नाहीत.

"आवो," मी म्हटलं, "राग आला का?"

"कशाचा?"

"मी वरडले त्याचा."

यांनी बांधलेली मोळी बाजूला सारली. मग माझ्याकडं न बघता म्हणाले, "औरंगाबादला लई मान्सं हुती बघायला. लई टाळ्या वाजल्या हुत्या. पर माझं नाव घेऊन कुनी वरडलं न्हवतं."

एवढंच बोलले आणि पुढच्या मोळीला हात घातला. मला रडू आलं. मी त्यांच्याकडं पाठ केली, कोयता उचलला आणि पुढची सरी धरली.